भिंतीपलीकडचे अनोळखी

मोठ्या शहरांतील सदनिकांमध्ये राहणाऱ्यांकडून दोन तक्रारी वारंवार ऐकू येतात आणि वरवर पाहता त्या एकमेकींना छेद देणाऱ्या आहेत. पहिली अशी की, येथे कोणी कोणाला ओळखत नाही, समोरच्या दाराआड माणूस अंथरुणाला खिळला तरी त्याचा पत्ता लागत नाही. दुसरी अशी की, येथे सगळ्यांचे आपल्यावर लक्ष आहे, वरच्या मजल्यावरचे मुद्दाम आवाज करतात, खालचे कान देऊन ऐकतात आणि सोसायटीची मंडळी पाठीमागे काहीतरी ठरवत असतात. ज्याला कोणी ओळखतच नाही त्याच्यावर सगळ्यांचा डोळा कसा असेल, हा साधा तर्क अशा वेळी चालत नाही, कारण एकाकीपणातून संशय वाढतो आणि संशयातून एकाकीपणा, असे गेल्या काही दशकांतील मानसशास्त्रीय संशोधन सांगते. या चक्राला सदनिकेची रचना, म्हणजे तिच्या भिंती, जिने, बंद दारे आणि दारांवरचे कॅमेरे, किती आणि कसा हातभार लावते, हा प्रश्न मात्र मानसशास्त्राइतकाच वास्तुशास्त्राचा आणि समाजशास्त्राचाही आहे.

शहरी माणसाचे अलिप्तपण हा मुळात आजार नव्हे, हे आधी स्पष्ट केलेले बरे. जर्मन समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल याने १९०३ मध्ये महानगरी जीवन आणि मन यांच्या संबंधावर लिहिलेल्या निबंधात असे मांडले की, रोज शेकडो अनोळखी चेहरे समोर येत असताना प्रत्येकाशी गावातल्यासारखे वागायचे ठरवले तर माणसाचे मन थकून जाईल, म्हणून शहरवासी स्वतःभोवती अंतर राखतो, आणि या अंतरात किंचित नावडही मिसळलेली असते. अंतर राखणे हा शहरात टिकून राहण्याचा मार्ग झाला. पॅरानोया ही त्यापुढची आणि वेगळी गोष्ट आहे: इतर लोक जाणूनबुजून आपले वाईट करू पाहत आहेत, असे पुरेशा पुराव्याविना वाटू लागणे. हे वाटणे इतके घट्ट झाले की उलट पुरावा समोर ठेवूनही ते हलत नाही, तेव्हा मनोविकारशास्त्र त्याला छळाचा संभ्रम म्हणते. परंतु सौम्य शंकेपासून संभ्रमापर्यंतची वाट सलग आहे, तिच्यावर निरोगी आणि रुग्ण यांना वेगळे करणारी ठळक रेषा नाही.

ही सलगता दाखवणारा एक प्रयोग ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ डॅनियल फ्रीमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ मध्ये प्रसिद्ध केला. सर्वसामान्य लोकांतून निवडलेल्या २०० जणांना संगणकाने निर्माण केलेल्या आभासी जगात लंडनच्या भुयारी रेल्वेतून काही मिनिटांचा प्रवास घडवण्यात आला. डब्यातले सहप्रवासी संगणकानेच रचलेले होते आणि त्यांचे वागणे हेतुपूर्वक तटस्थ ठेवले होते. बहुतेकांना ते तटस्थ किंवा मनमिळाऊ वाटले, पण एक तृतीयांशाहून अधिक लोकांना त्यांच्यापैकी कोणीतरी आपल्याकडे रोखून पाहत आहे, हसत आहे किंवा आपल्याविषयी वाईट हेतू बाळगून आहे, असे निदान एकदा तरी वाटले. प्रवासी सर्वांसाठी सारखेच होते, तेव्हा फरक पाहणाऱ्यांच्या मनात होता. चिंता करण्याची सवय, स्वतःविषयीचे हलके मत आणि विचारांतील ताठरपणा यांच्याशी तो जोडलेला आढळला.

एकाकीपणाचा धागा शिकागो विद्यापीठातील जॉन कासिओपो यांच्या कामात सापडतो. एकटे असणे आणि एकाकी वाटणे यांत त्यांनी काटेकोर भेद केला: पहिली परिस्थिती आहे, दुसरी भावना, आणि भरल्या घरातही ती असू शकते. त्यांच्या मते एकाकीपणा हा भुकेसारखा शरीराने दिलेला इशारा आहे, कळपापासून तुटलेल्या प्राण्याला धोक्याची जाणीव करून देणारा. पण कळपापासून तुटलेल्या प्राण्याला गाफील राहून चालत नाही, म्हणून हाच इशारा माणसाला सावधही करतो. झोप उथळ होते, चेहऱ्यांवरील नापसंतीच्या खुणा आधी दिसू लागतात, आणि ज्यांच्या सहवासाची गरज आहे त्यांच्याकडूनच धोका जाणवू लागतो. अशा माणसाचा स्वर तुटक होतो, समोरचाही आखडता हात घेतो, आणि मूळची शंका खरी ठरल्यासारखे वाटते.

येथपर्यंतचे वर्णन कोणत्याही वस्तीतल्या माणसाला लागू पडेल. सदनिकेचे वेगळेपण सुरू होते ते आवाजापासून. काँक्रीटच्या सांगाड्याच्या इमारतीत खांब, तुळया आणि स्लॅब एकसंध असतात, आणि लादीवर खुर्ची सरकली, उखळात काही कुटले, पलंगाचा पाय आपटला की तो धक्का या सांगाड्यातून दूरवर पोहोचतो. हवेतून येणाऱ्या आवाजाची दिशा कानांना कळते, पण भिंती आणि छत यांतून झिरपणारा आवाज नेमका कोठून आला हे सांगता येत नाही. त्यामुळे डोक्यावरून आलेला वाटणारा आवाज तिरक्या दिशेच्या, दोन मजले पलीकडच्या घरातला असू शकतो. मध्यरात्री वरच्या मजल्यावर कोणीतरी गोट्या टाकत आहे, असा अनुभव मुंबई-पुण्यापासून परदेशांतील शहरांपर्यंत असंख्य रहिवासी सांगतात, आणि वरच्या घरात लहान मूल नाही किंवा ते घर बंदच आहे असे कळल्यावर चक्रावून जातात. त्याचे दिले जाणारे एक कारण अगदी साधे आहे: नळ एकदम बंद केला की वाहत्या पाण्याला अचानक अडथळा होऊन नळीत दाबाची लाट उसळते आणि नळी ठोके दिल्यासारखी वाजते. परंतु हे कारण ठाऊक नसलेल्या, एकट्या राहणाऱ्या आणि झोप उडालेल्या माणसाला पाण्याच्या दाबापेक्षा वरच्या माणसाचा खोडसाळपणा अधिक पटण्याजोगा वाटतो. मनुष्याचे मन कारणांपेक्षा हेतू लवकर शोधते.

मनोविकारशास्त्रात या अवस्थेच्या टोकाचे रूप नोंदवलेले आहे. साठीनंतर प्रथमच उद्भवणाऱ्या एका प्रकारच्या मनोविकारात, जो छिन्नमनस्कतेशी म्हणजे स्किझोफ्रेनियाशी साम्य राखतो, बहुसंख्य रुग्णांची तक्रार विलक्षण ठरावीक असते: शेजारचे लोक भिंतीतून वायू सोडतात, छतातून किरण पाठवतात, जमिनीखालून बोलतात, बंद दारातून आत येऊन वस्तू हलवतात. इंग्रजी वैद्यकीय ग्रंथांत याला पार्टिशन डिल्यूजन, म्हणजे आडभिंतीविषयीचा संभ्रम, असे नाव आहे. घराची सीमा जी माणसे, वस्तू आणि आवाज अडवते असे आपण गृहीत धरतो, ती पार झिरपती झाल्याची ही खात्री असते. हे रुग्ण अधिक करून स्त्रिया असतात, पुष्कळदा एकट्या राहतात, आणि त्यांच्यात श्रवणशक्ती मंदावल्याचे प्रमाण लक्षणीय आढळते. शेवटचा मुद्दा विचार करण्याजोगा आहे. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ फिलिप झिम्बार्डो आणि सहकाऱ्यांनी १९८१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात काही विद्यार्थ्यांना संमोहनाखाली अंशतः बहिरे करण्यात आले आणि आपल्याला नीट ऐकू का येत नाही याचे कारण विसरण्याची सूचना देण्यात आली; शेजारी दोघे हसत-बोलत असताना हे विद्यार्थी चिडखोर, शत्रुभावी आणि संशयी झाले. ज्यांना आपल्या बहिरेपणाचे कारण ठाऊक होते त्यांच्यात हा बदल तितका दिसला नाही. म्हणजे संशयाचे मूळ अर्धवट ऐकण्यात आहे, आणि अर्धवट का ऐकू येते हे न कळण्यात आहे. सदनिकेची भिंत निरोगी कानांच्या माणसालाही असेच अर्धवट ऐकवते: भांडणाचा सूर कळतो, शब्द कळत नाहीत.

रोमान पोलान्स्की या दिग्दर्शकाने लंडन, न्यूयॉर्क आणि पॅरिस या तीन शहरांत घडणारे तीन चित्रपट, ‘रिपल्शन’ (१९६५), ‘रोझमेरीज बेबी’ (१९६८) आणि ‘द टेनंट’ (१९७६), याच भीतीवर उभे केले. त्यांपैकी शेवटच्यात नायकाला गोंगाटाच्या तक्रारी ऐकून घ्याव्या लागतात आणि हळूहळू त्याची खात्री होते की, सगळी इमारत आपल्याला आधीच्या भाडेकरूच्या शेवटाकडे ढकलत आहे. रंगभूमीला आणि चित्रपटाला हा विषय जवळचा वाटतो याचे कारण उघड आहे. भिंत ही आयती नेपथ्यरचना असते.

मुंबईच्या मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर सदनिकेच्या जोडीला चाळ उभी राहते, आणि ‘बटाट्याची चाळ’ (१९५८) वाचून वाढलेल्या पिढ्यांनी या तुलनेत चाळीला थोडे जास्तच गुण दिले आहेत. चाळीत पाळत नव्हती असे मुळीच नाही. कोण किती वाजता घरी आले, कोणाकडे कोण पाहुणा उतरला, कोणाच्या मुलीला पत्र आले, हे सगळ्यांना ठाऊक असे, आणि त्याचा काच विशेषतः तरुण स्त्रियांना, विधवांना आणि जातीबाहेर लग्न करणाऱ्यांना सोसावा लागे. ‘ब्लॉक’ घेऊन उपनगरात जाणे ही एके काळी प्रतिष्ठेइतकीच सुटकेची गोष्ट होती, आणि दार लावून घेता येणे हे सुख कमी लेखण्याचे कारण नाही. फरक पाळतीच्या प्रमाणात नव्हता, तिच्या स्वरूपात होता. चाळीतली माहिती बहुधा पुरी असे आणि ती दुरुस्त होण्याची सोय असे. रात्री शेजारच्या खोलीतून रडण्याचा आवाज आला तर सकाळी नळावर त्याचे कारण कळे. कोणी मुद्दाम पाणी सांडले असे वाटले तर तेथल्या तेथे भांडण होई, आणि दोन दिवसांनी त्याच बाईकडून विरजण मागून आणावे लागल्यामुळे ते भांडण टिकत नसे. संशय तेथेही होता, पण तो तपासून पाहण्याची जागा होती. सदनिकेने खाजगीपणा दिला आणि ही जागा काढून घेतली.

ही जागा केवळ नकाशावर आखून मिळत नाही, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. १९२० च्या दशकात बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने वरळी, नायगाव, शिवडी आणि डिलाईल रोड येथे बांधलेल्या बीडीडी चाळींची रचना पाहिली तर आधुनिक वास्तुतज्ज्ञ मान हलवतील: तळमजला आणि तीन मजले, मधोमध अंधारा बोळ, त्याच्या दोन्ही बाजूंना मिळून मजल्यावर वीस खोल्या, प्रत्येक खोली १६० चौरस फुटांची, संडास सामाईक. न्यूयॉर्क राज्यातील स्टोनी ब्रूक विद्यापीठात अँड्र्यू बॉम आणि स्टुअर्ट व्हॅलिन्स यांनी १९७० च्या दशकात विद्यार्थी वसतिगृहांची तुलना केली तेव्हा लांब बोळावर राहणारे विद्यार्थी, छोट्या गटांच्या दालनांत राहणाऱ्यांपेक्षा, अधिक गर्दी जाणवत असल्याचे सांगत आणि प्रतीक्षागृहातही अनोळखी माणसापासून दूर बसत, असे आढळले होते. नको त्या वेळी नको त्या माणसाशी होणाऱ्या गाठीभेटींमुळे ते माणसांनाच टाळू लागले होते. बीडीडीच्या बोळांत मात्र असे घडले नाही, कारण तेथे येणारे गिरणी कामगार कोकणातून आणि घाटावरून आपापल्या गावच्या माणसांच्या आधाराने आले होते. गावकीच्या खोल्या, भजनी मंडळे, खानावळी, संघटना आणि गणेशोत्सव यांनी त्या बोळाला माणसांची ओळख पुरवली. आता याच चाळींच्या जागी म्हाडा बहुमजली इमारती उभारत असून रहिवाशांना ५०० चौरस फुटांची घरे मिळत आहेत. घर मोठे होणे ही निःसंशय चांगली गोष्ट आहे. बोळातले जाळे लिफ्टमध्ये किती तग धरते, हे पुढील काही वर्षांत दिसेल.

शेजारी राहिल्याने मैत्री होते, या समजाला अभ्यासाचा आधार आहे, पण अर्धाच. अमेरिकेत एमआयटीच्या विवाहित विद्यार्थ्यांच्या वसाहतीत लिऑन फेस्टिंगर आणि सहकाऱ्यांनी केलेल्या, १९५० मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीत असे दिसले की, एकाच मजल्यावरच्या लगतच्या दारामागे राहणाऱ्यांपैकी ४१ टक्के जणांची नावे जवळच्या मित्रांत घेतली गेली, तर मजल्याच्या दुसऱ्या टोकाच्या रहिवाशांबाबत हे प्रमाण १० टक्के होते. हा निष्कर्ष पुस्तकांत सर्वत्र उद्धृत होतो. १९७६ मध्ये कॅलिफोर्नियातील एका सदनिका संकुलात एब्बेसेन आणि सहकाऱ्यांनी हाच प्रश्न मित्रांबरोबर नावडत्या माणसांविषयीही विचारला, आणि नावडती माणसे मित्रांपेक्षाही जवळ राहत असल्याचे आढळले. मैत्रीला भेट लागते, वैराला तीही लागत नाही. वाहन आडवे लावलेले दिसणे, कुत्रा भुंकणे, जिन्यात चपलांचे कपाट येणे एवढे पुरते. प्रत्यक्ष न भेटलेल्या माणसाचे चित्र केवळ त्याच्या उपद्रवांतून तयार होत जाते, ही सदनिकेतील शेजाराची मोठी अडचण आहे.

महाराष्ट्रातील सहकारी गृहनिर्माण संस्थांत सर्व सभासदांनी एकत्र येण्याचा हमखास प्रसंग म्हणजे वार्षिक सर्वसाधारण सभा, जी कायद्याप्रमाणे ३० सप्टेंबरपर्यंत घ्यावी लागते. गणपूर्ती होत नाही म्हणून सभा अर्धा तास तहकूब करून पुन्हा भरवण्याचा प्रकार बहुतेक सोसायट्यांच्या परिचयाचा आहे, आणि जे येतात ते गळती, पार्किंग व थकीत देखभाल शुल्क यांविषयीच्या तक्रारी घेऊन येतात. बाकी वर्षभर संवाद चालतो तो व्हॉट्सॲपच्या गटावर, जेथे स्वर ऐकू येत नाही आणि चेहरा दिसत नाही. ‘काही सभासद’ अशी सुरुवात असलेला संदेश वाचून दहा घरांतील दहा माणसांना तो आपल्यालाच उद्देशून आहे असे वाटू शकते. संशयाला लागणारी संदिग्धता येथे आयती मिळते.

याच रिकाम्या जागेत सुरक्षेची साधने शिरली आहेत: सेफ्टी डोअर, दारातले भिंग, फाटकावरची नोंदवही आणि तिच्या जागी आलेले ॲप, जिन्यातले सीसीटीव्ही कॅमेरे, मोबाइलवर चित्र दाखवणारी दारावरची घंटा. अमेरिकन लेखिका जेन जेकब्स यांनी १९६१ मध्ये असे प्रतिपादन केले होते की, रस्ता सुरक्षित राहतो तो पोलिसांपेक्षा दुकानदार, रहिवासी आणि ये-जा करणाऱ्यांच्या सहज नजरेमुळे. ऑस्कर न्यूमन या वास्तुतज्ज्ञाने १९७२ मध्ये न्यूयॉर्कमधील सार्वजनिक गृहवसाहतींच्या अभ्यासातून तोच विचार इमारतींच्या आत आणला: एका प्रवेशद्वाराचा वापर करणारी कुटुंबे जितकी वाढतात तितका जिना कोणाचाच राहत नाही, आणि तेथे उभा असलेला माणूस रहिवासी आहे की परका हे ओळखता येत नाही. न्यूमनवर पुढे टीका झाली, गरिबीचे परिणाम त्याने रचनेच्या माथी मारले असे आक्षेप आले आणि त्यांत तथ्यही आहे; तरी त्याचा मूळ मुद्दा ओळखीचा होता, कुलुपांचा नव्हता. बाजाराने त्यातली कुलुपे तेवढी घेतली. कॅमेरा पाहतो, पण ओळखत नाही, आणि पाहिलेल्याचा अर्थ लावण्याचे काम पुन्हा घरात एकट्या बसलेल्या माणसावर येते.

मानवशास्त्रज्ञ सेथा लो यांनी अमेरिकेतील फाटकबंद वसाहतींच्या रहिवाशांशी बोलून २००३ मध्ये लिहिलेल्या पुस्तकात असे दाखवले की, भिंत बांधल्याने भीती संपत नाही. ती फाटकातून आत येणाऱ्या माळी, मजूर आणि सफाई कामगारांकडे वळते. भारतीय शहरांतील वाचकाला हे समजावून सांगण्याची गरज नाही. घरकाम करणाऱ्या स्त्रीची पिशवी फाटकावर तपासली जाते, वस्तू पोहोचवणाऱ्या मुलाला वेगळी लिफ्ट दाखवली जाते, आणि ज्याच्या हातात घराची किल्ली दिलेली असते त्याच्यावरच सर्वांत आधी आळ येतो. भाडेकरू निवडताना धर्म, जात, आहार आणि अविवाहित असणे यांवरून होणारी नाकाबंदीही याच संशयाचे सभ्य रूप आहे. २००५ मध्ये अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सभासदत्व विशिष्ट समाजापुरते राखण्याचा संस्थेचा उपविधी वैध ठरवला होता. आपल्यासारख्यांतच राहिले म्हणजे निर्धास्त राहता येते, हा यामागचा विश्वास आहे. मात्र वरच्या मजल्यावरच्या आवाजाने हैराण झालेल्या माणसाला तो आवाज स्वजातीयाच्या घरातून येतो याचा काही दिलासा मिळतो असे दिसत नाही.

वृद्धांच्या बाबतीत हा प्रश्न जपानमध्ये सर्वांत उघडपणे चर्चिला गेला, कारण युद्धोत्तर काळात तेथे उभारलेल्या विशाल सदनिका वसाहतींमध्ये, ज्यांना दांची म्हणतात, राहायला आलेली तरुण कुटुंबे तेथेच म्हातारी झाली. टोकियोजवळच्या मात्सुदो शहरातील तोकिवादाइरा वसाहतीत २००० मध्ये एका ६९ वर्षांच्या गृहस्थाचा सांगाडा सापडला. त्याचा मृत्यू होऊन तीन वर्षे झाली होती, आणि भाडे व बिले बँकेतून आपोआप वळती होत असल्यामुळे, पैसे संपेपर्यंत कोणाला दार वाजवण्याचे कारणच पडले नव्हते. अशा मृत्यूला तेथे कोदोकुशी म्हणतात. २०२४ या वर्षात घरी एकटेच मरण पावलेल्यांची संख्या जपानी पोलिसांनी सुमारे ७६ हजार दिली, आणि त्यांतील तीन चतुर्थांशांहून अधिक पासष्टी ओलांडलेले होते. पुणे, ठाणे, डोंबिवली येथे ज्यांची मुले परदेशी आहेत अशा आईवडिलांना ही बातमी दूरची वाटत नाही. मुलांनी बसवलेला कॅमेरा न्यू जर्सीतून आई पडली का हे दाखवू शकतो. शेजाऱ्याकडे किल्ली असणे ही त्याहून जुनी व्यवस्था आहे, पण संशय वाढू लागला की किल्ली परत घेतली जाते ती सर्वांत आधी. म्हणूनच वृद्ध व्यक्तीने शेजाऱ्यांविषयी अचानक तक्रारी सुरू केल्या तर घरच्यांनी वाद घालत बसण्यापूर्वी कान आणि डोळे तपासून घ्यावेत, स्मृतिभ्रंशाची शक्यता डॉक्टरांना विचारावी. श्रवणयंत्राने काही जणांची अर्धी कुरकुर थांबू शकते. सल्ल्यासाठी केंद्र सरकारची टेलि-मानस ही दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर २०२२ पासून उपलब्ध आहे.

संभ्रमापर्यंत गेलेल्या संशयावरही उपचार आहेत. औषधांचा पुरेसा उपयोग न झालेल्या १३० रुग्णांवर फ्रीमन यांच्या गटाने केलेल्या चाचणीचे निष्कर्ष २०२१ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांच्या नव्या मानसोपचाराने सुमारे निम्म्या रुग्णांचा छळाचा संभ्रम ओसरला, आणि केवळ मैत्रीपूर्ण गप्पांपुरत्या मर्यादित ठेवलेल्या सहवासापेक्षा हा परिणाम अधिक होता. या उपचारात रुग्णाशी त्याच्या समजुतीच्या खरेखोटेपणावर हुज्जत घातली जात नाही. झोप, काळजी आणि आत्मविश्वास यांवर काम करून त्याला बाहेर नेले जाते, ज्या ठिकाणांना तो भितो तेथे उभे केले जाते, आणि त्या वेळी स्वतःच्या रक्षणासाठी लावून घेतलेल्या सवयी, म्हणजे नजर टाळणे, पुन्हा पुन्हा मागे वळून पाहणे, दाराच्या भिंगाला डोळा लावणे, बाजूला ठेवायला सांगितले जाते. त्यामागचे कारण असे की, या सवयी चालू असेपर्यंत काहीही वाईट न घडता गेलेल्या प्रत्येक रात्रीचे श्रेय कुलपाला आणि कॅमेऱ्याला मिळते, शेजाऱ्याच्या निरुपद्रवीपणाला मिळत नाही.